एर्विन गेशोनेक (१९०६–२००८) : एका जर्मन चरित्र अभिनेत्याची कारकीर्द आणि विसाव्या शतकाचा इतिहास

प्रस्तावना

चित्रपटाच्या इतिहासलेखनात दिग्दर्शकाला आणि नायकाला जेवढे स्थान मिळते, तेवढे चरित्र अभिनेत्याला मिळत नाही. नायकाची प्रतिमा काळाने घडविलेली असते आणि बहुधा त्या काळाबरोबरच ती संपते. चरित्र अभिनेता मात्र अनेक दशके पडद्यावर वावरतो. आज तो खाटीक, उद्या सेनाधिकारी, परवा न्हावी म्हणून प्रेक्षकांसमोर येतो. जर्मन भाषेत अशा नटाला ‘काराक्टरडार्श्टेलर’ असे म्हणतात आणि त्या शब्दाला तेथे दुय्यमत्वाचा वास नाही. ज्याच्या चेहऱ्यात माणसाचा स्वभाव दिसतो तो नट, असा त्याचा भाव आहे.

एर्विन गेशोनेक हे पूर्व जर्मनीतील या परंपरेचे सर्वांत मोठे नाव होय. एकशे एक वर्षांच्या आयुष्यात त्यांनी कैसरचे साम्राज्य, वायमार प्रजासत्ताक, नाझी राजवट, सोव्हिएत आश्रय, छळछावणी, जर्मन लोकशाही प्रजासत्ताक आणि एकीकृत जर्मनी अशा साऱ्या अवस्था अनुभवल्या. १९३२ मधील एका चित्रपटातील गर्दीतला चेहरा ते १९९५ मधील दूरदर्शनपटातील वृद्ध नायक असा त्यांचा प्रवास झाला. मात्र दीर्घायुष्य आणि दीर्घ कारकीर्द यांमुळेच त्यांचा अभ्यास करावा असे नाही. ज्या राज्यसंस्थेने फॅसिझमविरोधी लढ्याला आपल्या अस्तित्वाचे अधिष्ठान मानले, त्या राज्यसंस्थेच्या पडद्यावर तो लढा ज्याच्या चेहऱ्याने दिसला, तो नट स्वतः सहा वर्षे छळछावणीत राहून आलेला होता. जगलेला इतिहास आणि राज्याला हवा असलेला इतिहास यांच्यातील अंतर या एका कारकिर्दीत मोजता येते. प्रस्तुत निबंधात त्यांच्या सर्व भूमिकांची जंत्री देण्याचा हेतू नाही. हे अंतर ज्या भूमिकांतून स्पष्ट होते, त्यांचाच विचार येथे केला आहे.

श्रमिक वस्तीतून रंगमंचाकडे

गेशोनेक यांचा जन्म २७ डिसेंबर १९०६ रोजी पूर्व प्रशियातील बार्टेनश्टाइन येथे, जुनी पादत्राणे दुरुस्त करून आणि रात्रीची राखण करून उदरनिर्वाह करणाऱ्या गृहस्थाच्या पोटी झाला. हे गाव आज पोलंडमध्ये बार्टोशित्से या नावाने ओळखले जाते. कुटुंब लवकरच बर्लिनला आले आणि गेशोनेक यांचे बालपण तेथील श्रमिक वस्तीत गेले. नाट्यशाळेचे रीतसर शिक्षण त्यांना लाभले नाही. १९२९ मध्ये ते जर्मन कम्युनिस्ट पक्षाचे सभासद झाले. कामगारांची गायकवृंदे आणि रस्त्यावर, सभागृहांत, कारखान्यांच्या दाराशी प्रयोग करणारी प्रचारपथके हीच त्यांची नाट्यशाळा ठरली.

त्यांचा चेहरा कॅमेऱ्यासमोर प्रथम आला तो स्लातान दुदोव्ह यांच्या ‘कूले वाम्पे’ (१९३२) या चित्रपटात, शेकडो कामगार-क्रीडापटूंपैकी एक म्हणून. बेर्टोल्ट ब्रेख्त आणि एर्न्स्ट ओटवाल्ट यांची पटकथा व हान्स आइस्लर यांचे संगीत असलेल्या या चित्रपटावर वायमार प्रजासत्ताकाच्या परिनिरीक्षकांनी प्रथम बंदी घातली आणि काटछाट झाल्यावरच तो प्रदर्शित होऊ दिला. बंदी घातलेल्या चित्रपटांशी गेशोनेक यांचे नाते असे पहिल्याच पावलापासून जुळले. पुढे ते त्यांच्या स्वतःच्या विचारांच्या राजवटीतही सुटले नाही.

निर्वासन आणि एक क्रूर योगायोग

१९३३ मध्ये हिटलर सत्तेवर येताच गेशोनेक यांनी देश सोडला. पोलंड आणि चेकोस्लोव्हाकिया या मार्गाने ते सोव्हिएत संघात पोहोचले. युक्रेनमध्ये त्या वेळी जर्मन भाषिकांची मोठी वस्ती होती आणि तिच्यासाठी जर्मन निर्वासित नटांच्या मंडळ्या खेड्यापाड्यांत, सामुदायिक शेतांवर नाटके करीत. माक्सिम व्हालेंटिन यांच्या नेतृत्वाखालील अशाच एका मंडळीत गेशोनेक यांनी काम केले. ही वर्षे स्टालिनच्या महादहशतीची होती. आश्रयाला आलेल्या जर्मन कलावंतांपैकी अनेकांना अटक झाली. ‘तीन पैशांचा ऑपेरा’च्या १९३१ मधील चित्रपटातील नायिका कारोला नेहेर हिला १९३६ मध्ये अटक झाली आणि १९४२ मध्ये सोव्हिएत कैदेतच तिचा अंत झाला. ‘कूले वाम्पे’चे सहलेखक ओटवाल्ट हेही सोव्हिएत श्रमछावणीतून परतले नाहीत.

गेशोनेक यांच्या वाट्याला अटक आली नाही. १९३८ मध्ये त्यांना देश सोडण्यास सांगण्यात आले आणि ते प्रागला आले. मार्च १९३९ च्या मध्यास जर्मन सैन्य प्रागमध्ये शिरले आणि त्याच महिन्याच्या अखेरीस गेशोनेक पकडले गेले. एका हुकूमशाहीने हाकलले म्हणून तिच्या तुरुंगातून वाचलेला माणूस दुसऱ्या हुकूमशाहीच्या हाती सापडला. पूर्व जर्मनीच्या अधिकृत स्मृतीत या योगायोगाच्या उत्तरार्धालाच जागा होती. सोव्हिएत भूमीवर नाहीशा झालेल्या जर्मन कम्युनिस्टांविषयी तेथे दीर्घकाळ मौन पाळले गेले. गेशोनेक यांचे आत्मचरित्र ‘माइने उनरूहिगेन यारे’, म्हणजे ‘माझी अस्वस्थ वर्षे’, १९८४ मध्ये त्याच राज्यात प्रसिद्ध झाले, हे ते वाचताना लक्षात ठेवावे लागते.

दाखाऊचा सरदार

साक्सेनहाउसेन, दाखाऊ आणि नॉयेनगामे या तीन छळछावण्यांत गेशोनेक यांनी सहा वर्षे काढली. यांपैकी दाखाऊतील एका घटनेला जर्मन नाट्येतिहासात वेगळे स्थान आहे. १९४३ च्या उन्हाळ्यात तेथील कैद्यांनी ‘श्रेकेनश्टाइनवरील रक्तरात्र’ अशा भयंकर नावाचे नाटक सादर केले. त्याचे लेखक रुडॉल्फ काल्मार हे व्हिएन्नाचे पत्रकार आणि स्वतः कैदी होते. आल्प्सच्या परिसरात गावोगाव चालणाऱ्या सरदारांच्या बाळबोध, रक्तबंबाळ नाटकांचे ते विडंबन होते. वरवर पाहता त्यात एक बढाईखोर सरदार आणि त्याच्या लग्नाची फजिती एवढाच ऐवज होता. मात्र सरदाराचे नाव आडोलार होते आणि ती भूमिका गेशोनेक करीत होते. कैद्यांनी लिहून ठेवलेल्या आठवणींनुसार त्यांनी आडोलारला हिटलरचा आवाज, त्याची शब्दांवर आघात करण्याची लकब आणि हातवारे दिले होते. पुढच्या रांगांत एस.एस.चे अधिकारी बसत आणि हसत. मागे बसलेले कैदी वेगळ्या कारणासाठी हसत.

या प्रयोगाचे वर्णन ‘प्रतिकार’ या शब्दाने करण्याची प्रथा आहे आणि ती चुकीची नाही. तथापि छावणीतील करमणुकीचे कार्यक्रम प्रशासनाच्या परवानगीने होत. १९४२ नंतर कैद्यांचे श्रम युद्धोद्योगासाठी अधिकाधिक मोलाचे ठरू लागल्यावर अशा कार्यक्रमांना काहीशी सूट मिळू लागली होती. म्हणजे ज्या मंचावर हिटलरची टर उडविली गेली, तो मंच हिटलरच्याच यंत्रणेने आपल्या सोयीसाठी दिलेला होता. नटाने त्या सोयीचा जो उपयोग केला, त्यात त्याचे धाडस आहे. ओळखले गेले असते तर त्याची शिक्षा मृत्यूपेक्षा कमी नव्हती. गेशोनेक यांच्या नंतरच्या विनोदी भूमिकांत चेहरा गंभीर ठेवून शब्दांच्या वजनात किंचित फेरफार करण्याचे जे कसब दिसते, त्याची इतकी कठोर परीक्षा पुढे कोणत्याही नाट्यगृहात झाली नसेल.

३ मे १९४५

१९४५ च्या एप्रिलमध्ये ब्रिटिश सैन्य जवळ येऊ लागल्यावर नॉयेनगामेतील कैद्यांना ल्युबेकच्या उपसागरात नेण्यात आले. त्यांना ज्या जहाजांवर कोंबण्यात आले त्यांत ‘काप आर्कोना’ हे सर्वांत मोठे होते. १९२७ मध्ये पाण्यात उतरविलेले, हॅम्बुर्ग ते दक्षिण अमेरिका या मार्गावरील हे आलिशान प्रवासी जहाज होते. चित्रपटाच्या अभ्यासकाला त्याची आणखी एक ओळख आहे. गोबेल्सच्या प्रचारखात्याने काढविलेल्या ‘टायटॅनिक’ (१९४३) या ब्रिटनविरोधी चित्रपटाचे काही चित्रीकरण याच जहाजावर झाले होते आणि त्याचे दिग्दर्शक हेर्बर्ट झेल्पिन हे चित्रीकरण चालू असतानाच अटक होऊन ऑगस्ट १९४२ मध्ये कोठडीत मृतावस्थेत सापडले होते. बुडणाऱ्या जहाजाचे नाटक ज्यावर रचले गेले, ते जहाज तीन वर्षांनी खरोखरच हजारोंना घेऊन पेटले.

३ मे रोजी, म्हणजे हिटलरच्या आत्महत्येनंतर तिसऱ्या दिवशी, ब्रिटिश वायुदलाच्या टायफून विमानांनी उपसागरातील जहाजांवर हल्ला केला. त्यांत जर्मन सैन्य पळून जात आहे असा वैमानिकांचा समज होता. ‘काप आर्कोना’वर साडेचार हजारांच्या आसपास कैदी होते आणि त्यांपैकी सुमारे साडेतीनशे वाचले. ‘टीलबेक’ या दुसऱ्या जहाजावरील मृत धरून त्या दुपारी मेलेल्यांची संख्या सुमारे सात हजार होते. थंडगार पाण्यातून किनारा गाठू पाहणाऱ्या कैद्यांवर गोळ्या झाडण्यात आल्या. त्याच दिवशी ब्रिटिश सैन्य नॉयश्टाट गावात दाखल झाले. वाचलेल्यांमध्ये गेशोनेक होते. त्यांचे वय त्या वेळी अडतीस होते आणि व्यावसायिक नट म्हणून त्यांची खरी कारकीर्द अद्याप सुरू व्हायची होती.

हॅम्बुर्गमध्ये इडा एहरे या ज्यू अभिनेत्रीने १९४५ मध्ये सुरू केलेल्या ‘कामरश्पीले’ या नाट्यगृहात त्यांना काम मिळाले. हेल्मुट कॉयटनर यांच्या ‘इन येनेन टागेन’ (१९४७) या चित्रपटातही त्यांची भूमिका होती. पश्चिमेत राहिले असते तर एक उत्तम सहायक नट म्हणून त्यांचा जम बसला असता. पण १९४९ मध्ये ब्रेख्त यांनी त्यांना बर्लिनला बोलाविले.

ब्रेख्त यांचा माटी

ब्रेख्त आणि हेलेने वायगेल यांच्या ‘बर्लिनर आन्साम्बल’ या संस्थेचा उद्घाटनाचा प्रयोग १२ नोव्हेंबर १९४९ रोजी झाला. नाटक होते ‘जमीनदार पुंटिला आणि त्याचा नोकर माटी’. दारू पिऊन माणुसकी आठवणारा आणि शुद्धीवर येताच पिळवणूक करणारा पुंटिला लेओनार्ड श्टेकेल यांनी केला आणि त्याचा गाडीचालक माटी गेशोनेक यांनी. पुढे १९५२ मध्ये पुंटिलाच्या भूमिकेत कुर्ट बोइस आले. ते लहानपणापासून चित्रपटात काम केलेले आणि हिटलरमुळे अमेरिकेत निर्वासित होऊन परतलेले नट होते. त्याच वर्षी गेशोनेक यांना मुलगा झाला आणि त्याचे नाव माटी ठेवण्यात आले.

माटी ही भूमिका वरकरणी निष्क्रिय आहे. मालक बोलतो, नोकर ऐकतो. पण प्रेक्षकाने मालकाला नोकराच्या नजरेतून पाहावे अशी नाटकाची रचना असल्यामुळे माटीच्या ऐकण्यालाच अर्थ द्यावा लागतो. भूमिकेत विरघळून न जाता तिच्याकडे किंचित अंतरावरून पाहण्याची ब्रेख्त यांची अपेक्षा मराठी रंगभूमीच्या अभ्यासकांना अपरिचित नाही. विजया मेहता आणि वायमारचे दिग्दर्शक फ्रिट्झ बेनेविट्झ यांच्या ‘अजब न्याय वर्तुळाचा’ या प्रयोगामुळे पूर्व जर्मन नाट्यपरंपरेशी मराठी रंगभूमीचा थेट संबंध आलेला आहे. गेशोनेक यांच्या बाबतीत हे अंतर केवळ सिद्धान्तातून आलेले नव्हते. दाखाऊमध्ये पुढच्या रांगेसाठी एक आणि मागच्या रांगेसाठी दुसरे नाटक एकाच वेळी करणाऱ्या नटाला भूमिकेपासून अलिप्त राहणे म्हणजे काय, हे नव्याने शिकण्याची गरज नव्हती. १९५० च्या दशकाच्या मध्यास त्यांनी आन्साम्बल सोडले आणि चित्रपट हे आपले मुख्य क्षेत्र केले.

खाटीक टेट्येन : बंदीचा अर्थ

पूर्व जर्मनीची ‘देफा’ ही चित्रसंस्था १७ मे १९४६ रोजी स्थापन झाली. चार दशकांहून अधिक काळात तिने सुमारे सातशे कथापट निर्माण केले. तिच्या पहिल्या रंगीत कथापटात, पाउल व्हेरहोव्हेन यांच्या ‘दास काल्टे हेर्ट्स’ (१९५०) मध्ये, माणसांची हृदये घेऊन त्या जागी दगड बसविणारा हॉलेंडर-मिशेल हा राक्षसी पुरुष गेशोनेक यांनी साकारला. पुढच्याच वर्षी त्यांना ती भूमिका मिळाली, जिच्यामुळे त्यांचे नाव जर्मन चित्रपटाच्या इतिहासात कायम राहील.

‘दास बाइल फोन वांड्सबेक’ (१९५१), म्हणजे ‘वांड्सबेकची कुऱ्हाड’, हा फाल्क हार्नाक यांचा चित्रपट आर्नोल्ड त्स्वाइग यांच्या कादंबरीवर आधारलेला आहे. हिटलर सत्तेवर आल्यानंतरचे हॅम्बुर्ग ही त्याची पार्श्वभूमी. चार कम्युनिस्टांना देहदंड झालेला आहे आणि हिटलरच्या शहरभेटीपूर्वी तो अमलात यायला हवा. पण शहराचा जल्लाद आजारी आहे. आल्बेर्ट टेट्येन या खाटकाचे दुकान चालेनासे झाले आहे. ओळखीच्या बड्या असामीकरवी त्याला हे काम मिळते. दोन हजार मार्क घेऊन, चेहरा झाकून, स्वतःच्या कुऱ्हाडीने तो चौघांची मुंडकी उडवितो. पुढे ही गोष्ट वस्तीत पसरते आणि गिऱ्हाइके दुकानाकडे पाठ फिरवितात. त्याची पत्नी गळफास घेते आणि तो स्वतःवर गोळी झाडतो.

गेशोनेक यांनी टेट्येन राक्षस म्हणून उभा केला नाही. तो धिप्पाड, मेहनती, बायकोवर प्रेम करणारा, हिशेबात थोडा कच्चा आणि प्रतिष्ठेला जपणारा माणूस आहे. आपण केले ते एक काम होते आणि त्याची मजुरी मिळाली, एवढेच त्याला समजते. मग लोक दुकानात का येत नाहीत, हे त्याला अखेरपर्यंत नीटसे उमगत नाही. या न उमगण्यातच चित्रपटाची भीषणता आहे. ज्या नटाने सहा वर्षे अशाच माणसांच्या पहाऱ्यात काढली, त्याने त्यांच्यापैकी एकाला इतक्या आतून समजून घ्यावे, हे त्या काळातील अनेकांना रुचले नाही.

चित्रपट मे १९५१ मध्ये प्रदर्शित झाला, त्याला गर्दीही झाली. परंतु अल्पावधीतच तो मागे घेण्यात आला. सोव्हिएत सल्लागारांचा आणि पक्षाचा मुख्य आक्षेप असा होता की, प्रेक्षकाची सहानुभूती मारल्या जाणाऱ्या कम्युनिस्टांकडे न जाता मारणाऱ्याकडे जाते. हा आक्षेप केवळ अधिकाऱ्यांचा हटवाद म्हणून सोडून देता येत नाही, कारण त्यात अभिनयाविषयीचे एक निरीक्षण आहे आणि ते खरे आहे. प्रेक्षकाचे डोळे गेशोनेक यांच्यावरून हलत नाहीत. पण त्या निरीक्षणावरून काढलेला निष्कर्ष राजकीय होता. नव्या राज्याला आपले नागरिक फॅसिझमचे बळी किंवा विरोधक म्हणून हवे होते. दुकान चालत नाही म्हणून कुऱ्हाड उचलणारा शेजारी त्या चित्रात बसत नव्हता. १९५१ मध्ये पूर्व जर्मनीत असे लाखो शेजारी राहत होते आणि तिकीट काढून चित्रपटगृहात येत होते.

दिग्दर्शक हार्नाक यांचे बंधू आर्विड यांना नाझींनी १९४२ मध्ये फाशी दिले होते. स्वतः दिग्दर्शकही प्रतिकारचळवळीशी संबंधित होते. अशा माणसावर मारेकऱ्यांविषयी सहानुभूती बाळगल्याचा ठपका आला आणि १९५२ मध्ये ते पश्चिमेत निघून गेले. त्स्वाइग त्या वेळी पूर्व बर्लिनच्या कला अकादमीचे अध्यक्ष होते, तरीही त्यांना चित्रपट वाचविता आला नाही. त्यांच्या पंचाहत्तरीच्या निमित्ताने १९६२ मध्ये तो काटछाट करून पुन्हा दाखविण्यात आला आणि पूर्ण स्वरूपात पाहण्यासाठी १९८० चे दशक उजाडावे लागले. गेशोनेक मात्र पूर्वेतच राहिले.

पक्षाचा माणूस, पक्षाची कात्री

यानंतरच्या दशकात गेशोनेक ‘देफा’चे अत्यंत विश्वासाचे नट झाले. ‘कूले वाम्पे’चे दुदोव्ह यांनी चोवीस वर्षांनी त्यांना ‘डेर हाउप्टमान फोन क्योल्न’ (१९५६) या पश्चिम जर्मनीवरील उपहासपटात भूमिका दिली. फ्रांक बायर यांच्या ‘फ्युन्फ पात्रोनेनह्युल्सेन’ (१९६०) मध्ये स्पॅनिश यादवी युद्धात मरणोन्मुख झालेला राजकीय अधिकारी त्यांनी रंगविला. तो आपला संदेश पाच तुकड्यांत फाडून पाच काडतुसांच्या रिकाम्या नळ्यांत घालतो आणि पाच सैनिकांकडे सोपवितो. सैनिक एकत्र राहावेत म्हणून मरता मरता केलेली ही युक्ती गेशोनेक यांनी कोणताही आवेश न दाखविता केली आहे.

पण पक्षाच्या सचिवाची भूमिका केली म्हणून चित्रपट वाचतोच असे नाही. कोनराड वोल्फ यांच्या ‘झोनेनझूखर’ (१९५८) मध्ये ते युरेनियमच्या खाणीतील पक्षसचिव युप क्योनिग झाले. सोव्हिएत अणुकार्यक्रमासाठी चालणाऱ्या त्या खाणी पडद्यावर दिसणे मॉस्कोला गैरसोयीचे वाटले आणि चित्रपट १९७२ पर्यंत डब्यात राहिला. डिसेंबर १९६५ मध्ये पक्षाच्या केंद्रीय समितीच्या अकराव्या अधिवेशनानंतर जे अनेक चित्रपट एकाच फटक्यात बंद झाले, त्यांत गेरहार्ड क्लाइन यांचा ‘बर्लिन उम डी एके’ हा होता. त्यात गेशोनेक यांनी जुन्या पिढीतील कामगार साकारला होता. तो चित्रपट १९९० मध्ये, राज्यच विसर्जित होत असताना, प्रेक्षकांसमोर आला. वायमारमधील एक आणि पूर्व जर्मनीतील तीन असे चार चित्रपट या एका नटाच्या वाट्याला बंदीमुळे अपंग झाले. नाझी काळात त्यांचा चित्रपट नव्हताच, त्यामुळे बंदी घालायलाही काही नव्हते.

बुखेनवाल्ड : स्मृती आणि तिची डागडुजी

१९६३ मध्ये बायर यांच्या दोन चित्रपटांतून गेशोनेक यांची दोन परस्परविरुद्ध रूपे समोर आली. ‘नाक्ट उन्टर व्योल्फेन’ हा ब्रूनो आपित्स यांच्या १९५८ मधील कादंबरीवर आधारलेला होता. बुखेनवाल्ड छळछावणीत एका सुटकेसमध्ये दडवून आणलेल्या लहान मुलाला कम्युनिस्ट कैदी जिवावर उदार होऊन वाचवितात, ही त्याची कथा. आपित्स स्वतः बुखेनवाल्डचे कैदी होते. गेशोनेक यांनी कैद्यांचा प्रमुख क्रेमर साकारला. काही चित्रीकरण प्रत्यक्ष छावणीच्या जागी झाले. क्रेमर कमी बोलतो आणि हालचाल जपून करतो. हजेरीच्या मैदानावर तो उभा राहतो तेव्हा टोपी काढण्याच्या आणि मान किंचित खाली नेण्याच्या पद्धतीत जे दिसते, ते दिग्दर्शकाने सांगून येण्यासारखे नाही.

कादंबरी आणि चित्रपट यांनी पूर्व जर्मनीच्या कित्येक पिढ्यांची बुखेनवाल्डविषयीची समजूत घडविली. १९९० नंतरच्या संशोधनाने त्या समजुतीला तडे गेले. लुट्झ नीटहामर यांनी १९९४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या दस्तऐवजांतून छावणीच्या अंतर्गत प्रशासनात कम्युनिस्ट कैद्यांनी बजावलेली भूमिका किती संदिग्ध होती, हे पुढे आले. ज्या मुलावरून ही कथा घडली, त्याचे नाव आउशवित्झला जाणाऱ्या यादीतून काढल्यावर त्या जागी दुसरी नावे घालण्यात आली. त्यांत एका सिंती कुटुंबातील सोळा वर्षांचा मुलगा होता. तो परतला नाही. शिवाय त्याच बुखेनवाल्डमध्ये १९४५ ते १९५० या काळात सोव्हिएत प्रशासनाची विशेष छावणी होती आणि तीत सात हजारांहून अधिक माणसे मेली. १९६३ च्या चित्रपटात यांपैकी काही असणे शक्यच नव्हते.

म्हणून हा चित्रपट खोटा म्हणून बाजूला सारावा काय? तसे करणे इतिहासाच्या दृष्टीने सोपे, पण अपुरे ठरेल. कथेचा साचा राज्याला सोयीचा होता हे खरे. त्या साच्यात उभ्या असलेल्या नटाच्या देहाने मात्र तिन्ही छावण्यांतील हजेऱ्या दिलेल्या होत्या. चित्रपट हे ऐतिहासिक साधन मानायचे असेल, तर कथानक आणि देहबोली यांची तपासणी स्वतंत्रपणे करावी लागते. पहिल्यातून १९६३ चे राज्य समजते, दुसऱ्यातून कदाचित १९४३ ची छावणी.

त्याच वर्षीचा ‘कार्बिड उन्ड झाउएराम्फर’ हा विनोदपट आहे. युद्ध नुकतेच संपले आहे. ड्रेस्डेनच्या उद्ध्वस्त सिगारेट कारखान्याला जोडकामासाठी कार्बाइड हवे आहे. कार्ल ब्ल्यूखर ऊर्फ काले हा कामगार ते आणायला विटेनबेर्गेला पायी जातो आणि सात पिंपे घेऊन परत निघतो. वाहन नाही, पैसा नाही, वाटेत सोव्हिएत गस्त आहे आणि एल्बेच्या पलीकडे अमेरिकी. एकेक पिंप हातचे जाते. सोव्हिएत सैनिकांकडे पाहून हसण्याची मुभा त्या काळी दुर्मीळ होती. गेशोनेक यांनी काले इतका भाबडा आणि चिवट केला की प्रेक्षक कोणावर हसत आहेत, हे कोणाला बोट ठेवून सांगता येऊ नये. पूर्व जर्मनीत हा चित्रपट जितक्या प्रेमाने पाहिला गेला, तितके भाग्य ‘देफा’च्या थोड्याच चित्रपटांना लाभले.

घराघरांतील चेहरा

दूरदर्शनने गेशोनेक यांना घराघरांत नेले. १९६१ मध्ये, ज्या वर्षी ऑगस्टमध्ये बर्लिनची भिंत उभी राहिली, पूर्व जर्मन दूरदर्शनने ‘गेविसेन इन आउफरूअर’ ही पाच भागांची मालिका दाखविली. ग्राइफ्सवाल्ड शहर ३० एप्रिल १९४५ रोजी न लढता लाल सैन्याच्या स्वाधीन करणारे कर्नल रुडॉल्फ पेटरसहागेन यांच्या आठवणींवर ती आधारलेली होती. नाझी सैन्यातील अधिकारी आपल्या विवेकाच्या बळावर योग्य बाजूला येतो, हा संदेश त्या वर्षी कशासाठी हवा होता, हे सांगावयास नको. छळछावणीतून आलेल्या नटाने हिटलरच्या सैन्यातील कर्नल रंगवावा आणि तो प्रेक्षकांना विश्वासार्ह वाटावा, हा चरित्र अभिनयाचा विजय होता. त्याचबरोबर माजी सैनिकांच्या पिढीला नव्या राज्यात सामावून घेण्याच्या धोरणाचाही तो भाग होता.

‘याकोब डेर ल्युग्नर’ (१९७४) हीसुद्धा ‘देफा’ आणि दूरदर्शन यांची संयुक्त निर्मिती. युरेक बेकर यांच्या कादंबरीवरील हा चित्रपट पोलंडमधील ज्यू वस्तीत घडतो. आपल्याकडे रेडिओ आहे अशी थाप याकोब मारतो आणि सोव्हिएत सैन्याच्या आगमनाच्या काल्पनिक बातम्यांवर साऱ्या वस्तीला जगवितो. याकोबच्या भूमिकेसाठी व्लास्टिमिल ब्रोड्स्की यांना बर्लिन महोत्सवात रौप्य अस्वल मिळाले. परकीय भाषेतील चित्रपटाच्या ऑस्करसाठी नामांकन मिळालेला हा पूर्व जर्मनीचा एकमेव चित्रपट होय. गेशोनेक यांनी याकोबचा मित्र, न्हावी कोवाल्स्की, ही दुय्यम भूमिका केली. तो बडबडा, काहीसा लोभी आणि बातम्यांना भुकेलेला आहे. रेडिओ नाहीच हे याकोब त्याला खरे सांगतो, तेव्हा तो शांतपणे ऐकून घेतो, चेष्टेचे दोन शब्द बोलतो आणि घरी जाऊन गळफास घेतो. गेशोनेक यांच्या साऱ्या कारकिर्दीत या निरोपाइतके संयत काम दुसरे नाही. ‘नाक्ट उन्टर व्योल्फेन’मध्ये संघटित कम्युनिस्ट कैदी जगतात आणि जिंकतात. येथे असंघटित, राजकारण न कळणारा न्हावी एका खऱ्या वाक्याने मरतो. अकरा वर्षांत पूर्व जर्मन चित्रपटाने केलेले अंतर या दोन भूमिकांमध्ये सामावले आहे.

नंतरच्या भूमिकांचा उल्लेख थोडक्यात पुरे. रोलांड ग्रेफ यांच्या ‘बांकेट फ्युर आखिलेस’ (१९७५) मधील निवृत्तीच्या उंबरठ्यावरचा कारखान्यातील मुकादम उल्लेखनीय आहे, तो भूमिकेइतकाच बिटरफेल्डच्या प्रदूषित परिसराच्या दर्शनामुळे. १९८२ मध्ये ‘डेर मान फोन डेर काप आर्कोना’ या दूरदर्शनपटातून ३ मे १९४५ ची आठवण त्यांनी स्वतः पडद्यावर आणली. घटनेला तोवर सदतीस वर्षे झाली होती.

पिता आणि पुत्र

१९७६ मध्ये कवी-गायक वोल्फ बीरमान यांचे नागरिकत्व पूर्व जर्मनीने काढून घेतले. त्यानंतर अनेक कलावंतांनी देश सोडला. बायर यांच्या चित्रपटांत गेशोनेक यांच्याबरोबर काम केलेले मान्फ्रेड क्रुग आणि आर्मिन म्युलर-श्टाल हे त्यांत होते. चित्रपटाचे शिक्षण घेत असलेला माटी गेशोनेकही १९७८ मध्ये पश्चिमेत गेला. माटीच्या भूमिकेवरून ज्याचे नाव ठेवले तो मुलगा, ज्या राज्यासाठी बापाने हॅम्बुर्ग सोडले होते, ते राज्य सोडून गेला.

त्या दोघांनी एकत्र केलेला चित्रपट जर्मनीच्या एकीकरणानंतरचा आहे. ‘माटुला उन्ड बुश’ (१९९५) हा दूरदर्शनपट माटी गेशोनेक यांनी दिग्दर्शित केला. क्लाउस श्लेसिंगर यांच्या कथेवरील या चित्रपटात दोन म्हातारे वृद्धाश्रमातून बाहेर पडतात. गेशोनेक यांचे जोडीदार होते फ्रेड डेल्मारे, जे ‘नाक्ट उन्टर व्योल्फेन’मध्ये त्यांच्याबरोबर कैद्याच्या वेशात होते. गेशोनेक त्या वेळी अठ्ठ्याऐंशी वर्षांचे होते. ही त्यांची शेवटची मोठी भूमिका.

१२ मार्च २००८ रोजी बर्लिन येथे त्यांचे निधन झाले. डोरोथेएनश्टाट दफनभूमीत त्यांना ठेवण्यात आले. तेथे ब्रेख्त, वायगेल आणि आइस्लर यांच्या कबरी आहेत, आणि खाटीक टेट्येनला जन्म देणारे आर्नोल्ड त्स्वाइग यांचीही.